नीट ठेवलेलं खरेदीखत

ती. सौ. ताईस,

धाकट्या भावाचा साष्टांग नमस्कार (कमरेमुळे प्रत्यक्षात अर्धाच घातला आहे, उरलेला गृहीत धर). इकडे आम्ही दोघं ठीक. तिकडे तुझे गुडघे, भाऊजींची झोप आणि गच्चीवरच्या कुंड्या कशा आहेत ते कळव. भाऊजींना सांग की त्यांच्या शब्दकोड्यातला तो अडलेला आडवा शब्द 'अनवधान' आहे. त्यांनी 'अवधान' लिहून एक घर मोकळं सोडलं असणार. पत्रास कारण असं काही नाही. बऱ्याच दिवसांत काही लिहिलं नव्हतं, हात मोकळा करावा म्हटलं. फोनवर तू कसा आहेस विचारतेस, मी बरा आहे म्हणतो आणि मग आपण दोघं हवेबद्दल बोलत बसतो. (शिवाय फोनवर तू मधेच बोलतेस. पत्रात ती सोय नाही.) आई गेल्यापासून तू या घरी आली नाहीस, आणि त्याला तुझे गुडघे जबाबदार आहेत असं आपण दोघांनी मिळून ठरवून टाकलं आहे. त्याबद्दल माझं काही म्हणणं नाही.

पहिली बातमी अशी की आमच्या घरमालकांच्या मुलाचं लग्न ठरलं. मालक स्वतः सांगायला आले, चहा घेतला, आईची आठवण काढली, मुलाला जागा अपुरी पडणार म्हणून हळहळले, आमच्या खोल्यांमधली भिंत किती पातळ आहे ते बोटाने वाजवून पाहिलं आणि गेले. त्यांनी सगळं इतक्या सौजन्याने सांगितलं की ते जिना उतरून गेल्यावर मग आम्हाला कळलं, आपल्याला घर सोडायला सांगितलं आहे. हिने कप विसळता विसळता विचारलं, "म्हणजे आपण जायचं?" मी म्हटलं, बहुतेक. तर ताई, प्रश्न साधा आहे. एक तर बाबांनी घेऊन ठेवलेल्या त्या जागेवर दोन खोल्या बांधायच्या, नाही तर या वयात भाड्याची जागा शोधत हिंडायचं. दुसरा प्रयोग आम्ही करून पाहिला. जागा दाखवणारे आधी आमच्याकडे बघतात, मग जिन्याकडे बघतात, मग घरात आणखी कोण असतं असं विचारतात. आम्ही दोघंच म्हटल्यावर जागा कालच गेली असं त्यांना आठवतं. तेव्हा बांधण्यावाचून गत्यंतर नाही. तू मागेच एकदा फोनवर म्हणाली होतीस की खुशाल बांध, मला त्यातलं काही नको. हे तू मोठ्या मनाने बोललीस हे मी जाणतो. पण बांधायला परवानगी लागते, परवानगीला जागा आपली असल्याचा पुरावा लागतो, आणि पुरावा म्हणजे बाबांचं मूळ खरेदीखत. ते आईने नीट ठेवलं होतं.

हे वाक्य वाचून पुढचं तू ओळखलं असशील. आपल्या घरात 'ठेवणे' आणि 'नीट ठेवणे' ही दोन वेगळी क्रियापदं आहेत, हे बाहेरच्या माणसाला समजावणं फार जड जातं. आईने नुसती ठेवलेली वस्तू हाताशी असायची. नीट ठेवलेली वस्तू मात्र कायमची गेली असं समजून आपण कामाला लागायचो. तिचं तर्कशास्त्र पक्कं होतं. चोर कुठे बघेल याचा ती आधी विचार करायची, मग तो जिथे जन्मात बघणार नाही अशी जागा निवडायची. पुढे तिला स्वतःलाही ती जागा सुचायची नाही, त्यावरून निवड किती अचूक होती ते सिद्ध व्हायचं. इतक्या वर्षांत आपल्याकडे चोरी झाली नाही. झाली असती तरी चोर हात हलवत परत गेला असता, आणि जाताना त्याने आपल्याला धीर दिला असता.

आम्ही माळ्यापासून शोधायला सुरुवात केली. काय काय सापडलं म्हणून सांगू. कुलपं केव्हाच भंगारात गेलेल्या किल्ल्यांचा जुडगा. बाबांचा एका काडीचा चष्मा, दोन रुमालांत गुंडाळलेला. हिचं एक कानातलं, ज्याच्यासाठी आपण मोरीची जाळी उखडली होती. माझा शाळेचा दाखला, जो हरवला म्हणून मी त्या काळी दुसरा काढला होता. (म्हणजे या क्षेत्रात मी अगदीच नवखा नाही.) तुझं हस्ताक्षराच्या स्पर्धेचं पदक, तांदळाच्या जुन्या डब्याच्या दुहेरी बुडात. प्रत्येक पुडक्याला दोरा, आणि दोऱ्याला आईची ती गाठ, जी कात्रीशिवाय सुटत नाही. एकेक गाठ आम्ही आळीपाळीने कापली. शेवटी कात्री बोथट झाली. खरेदीखत सोडून या घरात सगळं होतं. तुला तेव्हाच कळवायला हवं होतं असं तू म्हणशील. कळवलं असतं तर तू नीट शोध म्हणाली असतीस, आणि तो शब्द ऐकायची माझी तयारी नव्हती.

तेव्हा मी खरेदीखताची सरकारी नक्कल काढायला नोंदणी कचेरीत गेलो. कचेरी म्हणजे एक लांब खोली, मधोमध जाळीच्या खिडक्यांची रांग, भिंतीलगत बाक आणि बाकावर, घरी ज्यांची कोणी वाट बघत नाही अशा चेहऱ्याची माणसं. छताचा पंखा फक्त खिडकीपलीकडच्या लोकांसाठी फिरतो, अलीकडच्यांना त्याचा आवाज मिळतो. आमच्या खिडकीत जे गृहस्थ आहेत त्यांचं नाव मला कळलं नाही, पण बाकावरचे जुने लोक त्यांना 'पुढचं-बोला' म्हणतात, कारण आपण काहीही सांगितलं की ते वर न बघता पुढचं बोला म्हणतात. मी बाबांपासून सुरुवात केली. पुढचं बोला. मी आईवर आलो. पुढचं बोला. खरेदीखत नीट ठेवलं आहे म्हटल्यावर मात्र त्यांनी मान वर केली आणि मग अडचण काय आहे असं विचारलं.

इथे माझा व्यवसाय आडवा आला. आयुष्यभर छापखान्यात प्रुफं तपासली, त्यामुळे चुकीच्या शब्दाखाली सही करायची म्हटलं की माझा हात अडतो. अर्जात एक रकाना होता, 'मूळ दस्त कसा गेला', आणि त्यापुढे पर्याय: हरवला, चोरीस गेला, जळाला, भिजला, वाळवीने खाल्ला. यांतला एकही लागू नव्हता. दस्त घरातच आहे, सुखरूप आहे, कदाचित माझ्यापेक्षा चांगल्या अवस्थेत आहे. फक्त तो कुठे आहे ते आम्हाला माहीत नाही. मी रकान्याच्या कडेला बारीक अक्षरात 'नीट ठेवला' असं लिहिलं. पुढचं-बोलांनी ते वाचलं, अर्ज मला परत दिला आणि शांतपणे म्हणाले, "हरवला नाही म्हणता, सापडत नाही म्हणता. दोनपैकी एक काहीतरी ठरवून या." बाकावरचे दोघंतिघं हसले. मला राग आला नाही. भाषेच्या दृष्टीने त्यांचा आक्षेप रास्त होता.

घरी येऊन आम्ही दस्त हरवला असं ठरवलं. ठरवलं म्हणजे ठराव केला म्हण ना, मी मांडला आणि हिने मान डोलावली. पण हरवल्याचा पोलिसांचा दाखला लागतो. पोलीस ठाण्यातल्या टेबलामागच्या माणसाने कुठे हरवला असं विचारलं. मी म्हटलं, घरात. त्याने पेन खाली ठेवलं. घरात हरवलेलं त्यांच्या हद्दीत येत नाही, घरात हरवलं की ते घरच्यांनी बघायचं, असं त्याचं म्हणणं पडलं. दाखला हवा असेल तर वस्तू रस्त्यावर, बाजारात किंवा प्रवासात हरवायला हवी. तो वाईट माणूस नव्हता. त्याने मला सरळ सांगितलं, की आज घरी जा, शांतपणे आठवा आणि उद्या बाहेर कुठेतरी हरवून या.

त्या संध्याकाळी आम्ही दोघं दस्त कुठे हरवावा यावर विचार करत बसलो. खोटं बोलायचंच तर सोयीच्या जागी बोलावं. मी भाजीबाजार सुचवला. हिने सांगितलं की बाजाराची अर्धी बाजू दुसऱ्या ठाण्याकडे आहे, टोमॅटो इकडे आणि कांदे तिकडे. मग आम्ही बस निवडली. दुसऱ्या दिवशी कळलं की ती बस वाटेत निरनिराळ्या ठाण्यांच्या हद्दींतून जाते, तेव्हा नेमक्या कुठल्या थांब्यापाशी कागद पडला ते सांगायला हवं. मी छापखान्याचा थांबा सांगितला, जन्मभर पायी तिकडेच गेलो. कागद कशाला नेत होतात? झेरॉक्स काढायला. मग झेरॉक्स आहे? नाही, काढायला जातानाच पडला. बरोबर कोण होतं? ही होती. मग त्यांचाही जबाब होऊ द्या.

मी खोटं बोलणार नाही, असं हिने मला वाटेत दोनदा बजावलं होतं. मी त्या धास्तीतच होतो. पण ताई, टेबलासमोर बसल्यावर या बाईने जे सांगितलं ते ऐकून मलाच तो प्रवास आठवायला लागला. कागद निळ्या कापडी पिशवीत होता, पिशवीत आणखी अर्धा पाव होता, गर्दीत पिशवीचा तळ उसवला, पाव राहिला आणि कागद गेला. माझं तेव्हा बाहेर लक्ष होतं, हेही तिने न विचारता सांगितलं. (ही एक गोष्ट खरी असू शकते.) पोलीस भारावून ऐकत होता. शेवटी त्याने ती पिशवी पुरावा म्हणून दाखवायला आणा म्हटलं. निळी पिशवी आमच्याकडे आहे, पण ती नवीकोरी आणि हिच्या आवडीची. घरी येऊन हिने ब्लेडने तिचा तळ उसवला. दाखला मिळाला. पिशवी मात्र अजून दाराच्या खुंटीला तशीच लटकते आहे, आणि मी बाहेर निघालो की ही तिच्याकडे एकदा आणि माझ्याकडे एकदा बघते.

पुढची पायरी वर्तमानपत्रात जाहीर नोटीस. दस्त गहाळ झाला आहे, कोणास सापडल्यास आणून द्यावा, नक्कल देण्यास कोणाची हरकत असल्यास कचेरीस लेखी कळवावी, तोंडी हरकत विचारात घेतली जाणार नाही, वगैरे. मजकूर मी स्वतः केला. एकेक स्वल्पविराम तोलून टाकला. जाहिरात घेणाऱ्या मुलीने तो संगणकावर चढवला, आणि मी प्रूफ मागितलं तेव्हा तिने प्रेमाने सांगितलं की आता प्रूफ वगैरे काही नसतं आजोबा, मशीनच शब्द सुचवतं. मशीनने काय सुचवलं ते तू छापील वाचलंच असशील. मी लिहिलं होतं, 'सदर कागद बसने प्रवास करीत असताना'. तिने 'का' टाइप केला आणि पुढचं मशीनने आपुलकीने, क्रियापदांसकट पूर्ण केलं. सबंध प्रांतात छापून आलं की 'सदर काका बसने प्रवास करीत असताना पिशवीतून पडून गहाळ झाले असून, कोणास सापडल्यास खालील पत्त्यावर आणून द्यावे'. ज्या माणसाने आयुष्यभर दुसऱ्यांच्या चुका पकडल्या त्याच्या नावावर ही नोटीस लागावी यात काही न्याय असेलही. जुने सहकारी अजून फोन करून काकांची चौकशी करतात.

एवढ्यावर भागलं असतं तर ठीक. तिसऱ्या प्रहरी बेल वाजली आणि दारात एक गोरागोमटा, नीटनेटका म्हातारा, त्याचा दंड धरून उभं असलेलं एक उत्साही जोडपं. ते जोडपं छापखान्याच्या थांब्यावर बसची वाट बघत होतं, तिथे हे गृहस्थ बाकावर एकटेच बसलेले. त्यांना काका म्हणून हाक मारली, त्यांनी ओ दिली, आणि पटली ओळख. मी काही बोलायच्या आत जोडपं कर्तव्य केल्याच्या आनंदात निघूनही गेलं. त्या गृहस्थांना आपल्याला इथे का आणलं ते माहीत नव्हतं, पण कोणी बोलावलं तर नाही म्हणू नये अशा मताचे ते दिसले. हिने चहा केला. ते घर बघत हिंडले, सगळ्या खिडक्यांचं कौतुक केलं, आईच्या फोटोसमोर थोडा वेळ उभे राहिले आणि ह्या कुठे असतात म्हणून त्यांनी विचारलं. ही म्हणाली, नसतात आता. ते म्हणाले, आमच्याही. मग मी त्यांना थांब्यावर सोडून आलो. तिथे पोचल्यावर कळलं की त्यांना बसने कुठेच जायचं नव्हतं, ते रोज नुसते येऊन बसतात. शुद्धिपत्र दुसऱ्या दिवशी आलं, अर्थात आतल्या पानावर.

हरकतीची मुदत संपली तेव्हा मी निर्धास्त कचेरीत गेलो. आपल्या जागेवर कोण हरकत घेणार? बाबांना भाऊ नाही, शेजारच्या जागेत कुंपण आणि कुंपणात गवत. पुढचं-बोलांनी मला बघून पहिल्यांदाच बसा म्हटलं, तेव्हाच माझ्या लक्षात यायला हवं होतं. ते म्हणाले, एक हरकत आली आहे, आणि कागद जाळीखालून पुढे सरकवला. मी चष्मा लावला. वाचायच्या आधीच मला कळलं. असा पोटाशी गोल वळलेला 'ळ' जगात एकच बाई काढते, आणि त्याबद्दल तिला पदक मिळालेलं आहे.

ताई, सकाळच्या चहाबरोबर तू जाहीर नोटिसांचं पान ओळ न ओळ वाचतेस, हे मी कसा विसरलो? आणि हरकत लेखी कळवावी असं छापलं असल्यावर तू मला फोन न करता कचेरीलाच लिहिणार, हे तर मुख्याध्यापिकेच्या स्वभावाला धरूनच झालं. तुझा अर्ज मी तिथेच उभ्याने वाचला. शुद्धलेखनाची एकही चूक नाही. मुद्दा पहिला, आमच्या वडिलांना भाऊ नव्हते, सबब आम्हाला काका नाहीत, ते गहाळ होण्याचा प्रश्न उद्भवत नाही. मुद्दा दुसरा, दस्त बसमध्ये पडल्याचं विधान असत्य आहे, कारण अर्जदार माझे धाकटे बंधू असून त्यांना लहानपणापासून बस लागते, ते सर्वत्र चालत जातात. मुद्दा तिसरा, दस्त आमच्या आईने नीट ठेवला आहे, तरी बंधूंनी तो नीट शोधावा. खाली सही, आणि शेजारी सहमालक म्हणून पुन्हा सही. ताई, या सगळ्या प्रकरणात इतका संपूर्ण खरा कागद दुसरा नाही. त्यानेच सगळं अडकलं आहे. पुढचं-बोलांनी तिन्ही मुद्द्यांवर शिक्के मारले आणि मला विचारलं, की तुमच्या घरात सगळेच 'नीट' असं का लिहितात. मी खुलासा करायला लागलो. ते म्हणाले, पुढचं बोला.

आता स्थिती अशी की जोवर ही हरकत कायम आहे तोवर नक्कल नाही, नक्कल नाही तोवर परवानगी नाही, परवानगी नाही तोवर घर नाही, आणि घरमालकांचा मुलगा नव्या सोफ्याची मापं घेऊन दोनदा येऊन गेला आहे. मी तुला दोष देत नाही. खोटं मी छापलं, खरं तू लिहिलंस. पण या वयात त्या खऱ्यापायी आम्ही उघड्यावर येऊ, एवढंच तुझ्या कानावर घालतो. हरकत मागे घ्यायची तर हरकत घेणाऱ्याने स्वतः कचेरीत हजर राहून सही करायची असते. तेव्हा गुडघ्यांना समजावून ये. एका दिवसाचं काम आहे. मागचा जिना मालकांनी दुरुस्त केला आहे, कठडाही लावला आहे, अर्थात आमच्यासाठी नव्हे.

बाकी विशेष काही नाही. ही तुला नमस्कार सांगते. भाऊजींच्या झोपेसाठी हिने एक काढा सांगितला आहे, पण आधी त्यांनी दुपारी झोपणं बंद करावं असं माझं मत. कळावे, लोभ आहे तो तसाच राहू दे.

तुझा,
गहाळ काकांचा पुतण्या

ता. क. हरकत मागे घेत असल्याचा मसुदा सोबत जोडला आहे. खाली सही कर. कृपा करून लाल पेनाने दुरुस्त्या करू नकोस. मसुद्यात 'दस्त हरवला आहे' असं लिहिलं आहे ते तुला पटणार नाही, मलाही पटत नाही, पण अर्जात त्याखेरीज शब्द नाही.

आणखी एक. पत्र वाचून ही म्हणाली की एवढे दिवस जे खोटं बोललात ते सरकारशी, आता बहिणीशी नको. तेव्हा लिहितो. स्वतः हजर राहायची काही गरज नाही. सही करून पोस्टाने पाठवलीस तरी चालतं, पुढचं-बोलांनी मला हे दोन वेळा सांगितलं, आणि एकदा वर बघूनसुद्धा. हजर राहायचा नियम मी वर माझ्या पदरचा घातला आहे. तुला यायचं नसेल तर मसुद्यावर सही कर आणि पाकिटात घालून टाक, आमचं काम होऊन जाईल.

शेवटचं. जमिनीची नक्कल सरकार देईल ताई, पण आईची नक्कल फक्त तुलाच येते. चष्मा कपाळावर सरकवून चष्माच शोधत तू या स्वयंपाकघरात फिरायचीस, माझ्या हातातला घास तसाच राहायचा, आणि आई दाराआडून सगळं ऐकून आत यायची व मी अशी बोलते का म्हणून विचारायची, तेव्हा कोण कुणाची नक्कल करतंय तेच कळायचं नाही. लवकरच मालकांनी वाजवून पाहिलेली ही भिंत पडेल. नव्या घरात मला सगळं मिळेल, पण आई जिथे वावरली ती जागा तिथे नसेल. मला तिचा आवाज आता आठवत नाही. चेहरा आठवतो, आवाज आठवत नाही. तेव्हा एकदा ये, इथे उभी राहून ती नक्कल कर, म्हणजे घर सोडायला माझी हरकत राहणार नाही. प्रवासात गार पाणी पिऊ नकोस, तुझा घसा बसतो.